काकांचा घसा बसतो

माझे काका शर्टांच्या कारखान्यात सुपरवायझर होते. ओरडल्याशिवाय माणूस हलत नाही, या श्रद्धेने ते रोज शिलाई विभाग डोक्यावर घ्यायचे. बायका घाबरून कॉलर उलट्या जोडायच्या, म्हणजे काकांना ओरडायला ताजा विषय मिळायचा.

एकदा त्यांचा घसा पार बसला. डॉक्टरांनी बोलायचीच बंदी केली. नाइलाजाने काका एकेकीच्या मशीनपाशी उभे राहून ऐकू लागले. कुणाची सुई बोथट होती, कुणाला उजेड पुरत नव्हता. काकांनी ते मुकाट्याने बदलून दिलं. महिन्याभरात उलट्या कॉलर बंद झाल्या आणि मालकांनी काकांची पाठ थोपटली.

घरी येऊन ते काकूला अभिमानाने कुजबुजले, “बघ, इतकी वर्षं ओरडलो, त्याचं आज चीज झालं!”

काकूने गुळण्यांसाठी आणलेलं गरम पाणी शांतपणे मोरीत ओतलं.