लाकडी घोड्यावरचे पिंचबेक वकील

वेल्डरबी गावच्या ओबडाया पिंचबेक वकिलांना दोन वेडं. एक, खोगीरवाल्यांचा संघ, ज्याचे ते सव्वीस वर्षं चिटणीस. दुसरं, गावाचा इतिहास. कुणी मृत्युपत्र करायला आला, की आधी त्याच्या खापरपणज्याची भानगड ऐकवायचे, मग कागद. माणूस अगदी शेवटच्या घटका मोजत असला तरी ऐकूनच मरायचा.

संघाच्या स्थापनेची जुनी सनद त्यांनीच चर्चच्या पेटाऱ्यातून, उंदरांच्या तोंडातून ओढून काढली. अकरा वर्षं घासून ग्रंथ लिहिला आणि १८६६च्या फेब्रुवारीत संघाला चारशे वर्षं पुरी म्हणून जाहीर केलं. मेजवानीला ग्रंथाच्या दोनशे प्रती रचून ठेवल्या. प्रत्येकीच्या पुठ्ठ्यावर सोनेरी आकडा, १४६६.

रीत अशी, की चिटणिसानं नवं खोगीर घातलेल्या लाकडी घोड्यावर बसून सनद वाचायची. तो उतरेपर्यंत सभासदांनी ना बोलायचं, ना घोट घ्यायचा.

वकील चढले. “राजाच्या कारकिर्दीच्या सहाव्या वर्षी, फेब्रुवारी महिन्यात...” वाचलं आणि जीभ अडकली. राजा गादीवर बसला १४६१च्या मार्चात! म्हणजे त्याच्या पहिल्या वर्षातला फेब्रुवारी आला बासष्टचा. मग सहावा? वकिलांनी घोड्यावरच बोटं मोजली. सदुसष्ट. पुन्हा मोजली. बोटं काही ऐकेनात.

खाली साठ माणसं बिअरचे मग धरून तिष्ठत होती, भाजलेली बदकं गार होत होती. गपचूप पुढं वाचलं असतं तर काळं कुत्रं विचारणार नव्हतं.

“मंडळी, माझं चुकलं,” वकील म्हणाले. “चारशे वर्षं पुढल्या साली भरतात. माझा ग्रंथ पुठ्ठ्यापासूनच चुकलाय.”

कुणी बोलेना, बोलायची सोयच नव्हती. अध्यक्ष जेबेझ क्रम्प, वकिलांचा लहानपणचा दोस्त, टोमॅटोसारखा लाल झाला. ते बघून वकिलांनी खोगीर आणखी घट्ट धरलं.

वरच्या सज्जात बायका बसलेल्या. त्यांना नियम नव्हता. वकिलांच्या केझायाबाई नवऱ्यावर ओरडल्या, “आवो, उतरा की! का घोडं पळायची वाट बघताय?”

वकिलांचा पाय जमिनीला लागला आणि क्रम्प फुटला, “ओबड्या, म्हंजे पुढल्या साली पुन्यांदा जेवान?”

“कायद्यानं... हो.”

“मग ह्ये काय हाय?”

“रंगीत तालीम म्हण.”

अशी आरोळी उठली की बदकंसुद्धा ताटात दचकली असतील. वकील म्हणाले, “मी चिटणीसपद सोडतो.”

“सोडून तर बघ!” क्रम्प गरजला. “तू खोटं वाचून मोकळा झाला असतास, तर पुढलं जेवान कुणी घातलं असतं रं?”

पोरासारखं उचलून त्यांना पुन्हा घोड्यावर बसवलं आणि हातात टाक दिला. एकेक जण प्रत पुढं करी, वकील पुठ्ठ्यावरचा शेवटला सहा खोडून सात करीत. पाद्रीबाबा म्हणाले, “माझी राहू द्या हो तशीच. चुकीचीच गमतीची.”

वकिलांनी प्रत त्यांच्या हातातून हिसकली आणि सात असा दाबून काढला, की टाकाचं टोक मोडलं.