मेव्हिस हॅलिवेलचे कान

मेव्हिस हॅलिवेलनं तीस वर्षांत टीव्ही मालिकांमध्ये शंभरावर कामं केली, बहुतेक तीन-चार वाक्यांची. दार उघडून पोलिसांना "तो कालपासून घरी आला नाही" सांगणारी शेजारीण, इस्पितळातली आया, कोर्टातली साक्षीदार. मँचेस्टरच्या स्टुडिओत मी कपडेपट सांभाळायचे, त्यामुळे तिचे निम्मे एप्रन माझ्याच हातचे.

ती मूळची नेल्सन या गिरण्यांच्या गावची. चौदाव्या वर्षापासून कापडगिरणीत. मागांच्या खडखडाटात तिथल्या बायका ओठ वाचूनच गप्पा मारत. ते तिला आलं, पण गिरणीनं कान खाल्ले. पन्नाशीला जवळजवळ काहीच ऐकू येईना. तिनं कुणाला सांगितलं नाही. सगळ्यांची वाक्यं पाठ करायची आणि समोरच्याच्या ओठांवर नजर ठेवायची. मला कळलं ते टाचण्यांमुळे. मी टाचण्या ओठांत धरून बोलले की म्हणायची, "आधी त्या काढ, मग बोल."

अठ्ठ्याहत्तर साली रॉडरिक नावाचा लंडनचा तरुण दिग्दर्शक आला. तो म्हणाला, "मेव्हिस, तुम्ही खिडकीशी पाठमोऱ्या उभ्या. मुलगा मागून सांगेल, बाबा गेले. मग वळायचं."

"त्याच्याकडे तोंड केलं तर?"

"नको. मला पाठच हवी."

पहिल्यांदा ती उशिरा वळली, दुसऱ्यांदा लवकर. "आजींचा डोळा लागला वाटतं," कॅमेऱ्यामागून कुणीतरी म्हणालं आणि हशा पिकला. ते तिला ऐकू गेलं नाही, पण वळल्यावर चेहरे दिसले. ती सरळ रॉडरिकपुढे जाऊन उभी राहिली.

"मला ऐकू येत नाही. आठ वर्षं झाली."

"मग आधी सांगायचं ना? आता मला दुसरं कुणीतरी बघावं लागेल."

"बघा. पण त्याआधी एकदा करू द्या."

तिनं बूट काढले. मुलाचं काम करणाऱ्या स्टॅनलीला म्हणाली, "शेवटच्या शब्दाला जमिनीच्या या फळीवर पायाचा भार टाक. आपटू नकोस, नुसता टाक. मागावर उभं राहिलेल्या बाईला पायातून कळतं."

स्टॅनलीनं भार टाकला. ती वळली, अगदी त्याच क्षणी. रॉडरिकनं हातातल्या कागदावर खूण केली. मग म्हणाला, "झालं. पुढचं घ्या."

तिला कामं मिळवून देणारी फिलिस मात्र चिडली. "कशाला बोललीस? आता लोक धास्तावतील."

"धास्तावू देत. लपवून लपवून दमले मी."

अकरा महिने एकही काम आलं नाही. ती बेकरीत पाव विकायची आणि घरी येऊन एकेका दिग्दर्शकाला स्वतःच्या हातानं पत्र लिहायची: मी बहिरी आहे, वाक्य चुकत नाही, मला एकदा बोलावून बघा. उत्तरं आली नाहीत, तरी पत्रं थांबली नाहीत.

शेवटी रॉडरिकनंच बोलावलं. शाळेतली स्वयंपाकीण, पाच वाक्यं. तोवर तिनं कानाला यंत्र लावलं होतं. ते झाकायला मी तिचे केस पुढे ओढले, तर तिनं ते कानामागे सारले.

"राहू दे गं. स्वयंपाकिणीला कमी ऐकू येत नसतं की काय?"

त्यानंतर चौदा वर्षं ती तशीच, केस मागे घेऊन, काम करत राहिली.