प्रकाश म्हणजे सायकल नव्हे

कोपरा फाडलेलं पोस्टकार्ड टेबलावर दिसलं की आपल्याकडच्या माणसाला ते वाचायच्या आधीच निम्मं कळतं. प्रयोगशाळेतल्या शिपायालाही कळलं असावं, कारण एरवी डाक भिरकावून जाणाऱ्या त्याने ते कार्ड माझ्या चष्म्याच्या घराखाली नीट सरकवून ठेवलं होतं. रत्नागिरीहून एका वर्गमित्राने लिहिलं होतं. ‘तांबे सर गेले. शाळेतून घरी आले, छातीत कळ आली, दवाखान्यात नेईपर्यंत सगळं आटोपलं. तुला कळवावं असं काकी म्हणाल्या.’ काकी म्हणजे सरांच्या पत्नी. आता पुढचं सांगायला लाज वाटते, पण ते वगळून सरांवर लिहायचं तर न लिहिलेलंच बरं. कार्ड वाचल्यावर मला आधी दुःख झालं नाही. सुटल्यासारखं वाटलं. सरांना एक गोष्ट सांगायची होती, कित्येक महिने ती माझ्या मानगुटीवर बसली होती, आणि आता ती सांगावी लागणार नव्हती… दुःख त्यानंतर आलं, आणि आपल्याला आधी काय वाटून गेलं हे लक्षात आल्यावर जे आलं ते अजून गेलेलं नाही.

सर मंडणगडकडच्या शेतकरी घरातले. वडील मुंबईला गिरणीत, आई गावी भातशेती सांभाळणारी. वाडीतला पहिला पदवीधर म्हणून गावाने त्यांना खांद्यावर घ्यायचं तेवढं बाकी ठेवलं होतं. रत्नागिरीच्या शाळेत त्यांनी तीस वर्षं विज्ञान शिकवलं. मी मालगुंडचा, आठवीपासून शिकायला रत्नागिरीत मामाकडे राहिलो आणि सरांच्या हातात सापडलो. सापडलो हाच शब्द बरोबर, कारण सर शिकवण्यापेक्षा विचारायचे जास्त. ‘का रे असं?’ हे तीन शब्द घेऊन ते वर्गभर फिरत आणि उत्तर नाही आलं तर रागावत नसत, उलट खूश होत. ‘मलाही ठाऊक नाही, चला बघू,’ म्हणायचे. ध्वनीचा धडा आला की ते आपली सायकल वर्गात आणून उलटी उभी करत, मागच्या चाकाच्या तारांना लागेल असा वहीचा पुठ्ठा धरत आणि आमच्यातल्या एकाला पायडल मारायला लावत. हळू फिरवलं की नुसतं टक्, टक्, टक्. ‘ह्याला सूर आहे काय?’ ‘नाय सर.’ ‘फिरव जोरात.’ मग टकटक एकमेकींत मिसळायची आणि तो पुठ्ठा चक्क गायला लागायचा. एखादी तार वाकडी असली की सूर फाटायचा. सर म्हणायचे, ‘एका ठोक्याला सूर नसतो. पण ठोके सारख्या अंतराने पडत राहिले की त्यातून सूर निघतो. अंतर जितकं चोख, सूर तितका चोख.’ आम्हाला त्यातलं शास्त्र किती कळलं देव जाणे, पायडल मारायला मिळावं म्हणून मारामाऱ्या मात्र झाल्या.

मी पुढे शिकलो आणि मुंबईला एका प्रयोगशाळेत लेझरच्या कामावर लागलो. प्रत्येक अणूचे स्वतःचे ठरलेले रंग असतात, आणि त्या रंगांवरून अणूची कुंडली मांडायची हे वर्णपटाचं शास्त्र तसं जुनं. लेझर आल्यावर त्याने कात टाकली. त्यात दोन भावक्या पडल्या होत्या. एकीचं म्हणणं, रंग इतका नेमका मोजू की केसाचाही फरक सुटू नये. दुसरीचं म्हणणं, प्रकाशाचा झोत इतका आखूड करू की रेणू थरथरतोय तेवढ्यात त्याला पकडता यावं. सेकंदाचे दहा लाख भाग करा, त्यातला एक घेऊन त्याचे पुन्हा दहा लाख करा. एवढ्याशा काळाचे आमचे झोत. मी ह्या दुसऱ्या भावकीतला, आणि अशा झोतांपुढे बाकीचं जग फार संथ आहे असं मला तेव्हा वाटत असे. माणसंसुद्धा.

चौऱ्याऐंशीच्या डिसेंबरात रत्नागिरीत माझं भाषण ठरलं. गावचा पोरगा शास्त्रज्ञ झाला म्हणून सभागृह भरलं होतं. वकील, डॉक्टर, कॉलेजातले प्राध्यापक पुढच्या दोन रांगांत, तिसऱ्या रांगेच्या कडेला तांबे सर. रत्नागिरीच्या डिसेंबरात कोट घालून घाम पुसणारा मी एकटाच. पडद्यावर पारदर्शिका दाखवल्या, लोक थक्क झाले, मीही झालो. शेवटी ठासून सांगितलं की झोत जितका आखूड तितका त्याचा रंग पसरतो, तेव्हा काळ नेमका हवा की रंग नेमका हवा हे आधी ठरवावं लागतं, दोन्ही एकदम मिळत नाही. प्रश्नोत्तरं सुरू झाली तेव्हा सर उठले. हातात काही खरडलेला कागद होता.

‘एक शंका आहे,’ ते म्हणाले. ‘एकटा झोत आखूड, म्हणून त्याचा रंग पसरला, हे पटलं. पण तुझे… तुमचे झोत एकामागून एक येतात ना? ते अगदी सारख्या अंतराने, घड्याळासारखे येत राहिले, तर सगळ्यांचा मिळून रंग पुन्हा नेमका नाही का होणार? चाकाच्या तारांसारखा?’

मला उत्तर माहीत नव्हतं. ‘सर, मी असा विचार केलेला नाही, बघून सांगतो,’ एवढं म्हटलं असतं तर आज हा लेख वेगळा झाला असता. ज्या माणसाने मला ‘ठाऊक नाही’ म्हणायला शिकवलं त्याच्याच समोर ते म्हणायची मला लाज वाटली. पुढच्या रांगा माझ्या तोंडाकडे बघत होत्या. मी हसलो आणि म्हणालो, ‘सर, प्रकाश म्हणजे सायकल नव्हे.’ सभागृहात हशा पिकला. सरही हसले. ‘बरोबर, बरोबर,’ म्हणत त्यांनी कागदाची घडी केली आणि बसले. आभार मानणाऱ्या गृहस्थांनी ते वाक्य पुन्हा एकदा म्हणून पुन्हा हशा वसूल केला, आणि एका स्थानिक साप्ताहिकाने तेच मथळा करून छापलं. मी ते कात्रण मुंबईला सहकाऱ्यांना दाखवलं. होय, दाखवलं.

पुढच्या वर्षाअखेरीला ग्रंथालयात काहीतरी भलतंच शोधताना एका जुन्या नियतकालिकाचा अंक हाती आला. त्यात एका परदेशी प्रयोगशाळेचं काम होतं. आखूड झोतांची अगदी सारख्या अंतराची माळ केली की तिच्या पसरलेल्या रंगात बारीक रेघा उमटतात, कंगव्याच्या दातांसारख्या, आणि एकेक दात इतका सडपातळ असतो की त्याने अणूचा रंग मोजता येतो. त्या मंडळींनी तो मोजलाही होता. अंक माझ्या भाषणाच्या कितीतरी आधीचा. म्हणजे सरांनी तिसऱ्या रांगेत उभं राहून, कुठलंही नियतकालिक न वाचता, केवळ आपल्या सायकलच्या जोरावर जे विचारलं ते खरं होतं, आणि ते खरं आहे हे माहीत असणं माझं काम होतं. मी तिथेच बसून राहिलो. ग्रंथपालाने दिवे मालवायचे म्हणून उठवलं.

पत्र लिहायला घेतलं. पहिल्यात इतकं शास्त्र झालं की माफी शोधावी लागली असती, दुसऱ्यात माफी इतकी फुलवली की माझीच मला किळस आली, तिसरं पाकिटात घातलं आणि ते पाकीट खणात गेलं. मग ठरवलं, प्रत्यक्षच सांगू. तोंडाने सांगितलेलं बरं. पळवाटेला चांगलं नाव दिलं की ती रस्त्यासारखी दिसते.

गेल्या मे महिन्यात गेलो. सरांचं घर नाचणे गावाच्या बाजूला, चिऱ्याच्या गडग्याच्या कुंपणाला लागून, पुढे पडवी. काकींनी चहा दिला, सर फणस फोडत होते, हात तेलाने माखलेले. ‘आलास? बस, बस. काय म्हणतायत तुझे झोत? अजून आखूड केलेस की नाही?’ मी सांगत सुटलो. ते मान डोलवत ऐकत राहिले आणि विचारलं मात्र काहीच नाही. एकदाही ‘का रे असं?’ नाही. पडवीतल्या मेजावर काच होती आणि काचेखाली त्या साप्ताहिकाचं कात्रण. माझा फोटो, वर तो मथळा. त्यांचाच हशा झालेला तो कागद सरांनी मेजावर ठेवला होता, कारण त्यात माझं नाव होतं. मी कप खाली ठेवला. म्हटलं, ‘सर, तुम्हाला काही विचारायचं नाही?’ ते फणसाचे गरे काढता काढता म्हणाले, ‘नको रे बाबा. मागे एकदा विचारून बसलो नि तुला चारचौघांत अडचणीत आणलं. तू होतास म्हणून हसून सांभाळून घेतलंस.’

यापेक्षा चांगली वेळ कुणालाच मिळत नाही. वाक्य तोंडाशी आलं होतं. चार शब्दांचं होतं : सर, तुमचं बरोबर होतं… मी म्हणालो, ‘फणस कापा दिसतोय.’ सर म्हणाले, ‘कापाच. घरचा आहे.’ आणि आम्ही गरे खाल्ले.

त्यानंतर आलं ते कार्ड. गणपतीच्या आधी चार दिवस रजा काढून मी रत्नागिरीला गेलो. काकी पडवीतच बसल्या होत्या. म्हणाल्या, ‘तुझ्या त्या भाषणावरून हे आले नि दुसऱ्या दिवशी शाळेत जाऊन पोरांना सांगून आले, माझा चुकला म्हणून. मी म्हटला, पोरांना कशाला सांगायला हवा होता? तर म्हणाले, मीच त्यांना तसा शिकवला होता, मग चुकीचा तसाच कसा ठेवू? मला काय ता कळला नाय बाबा. तुला कळत असेल.’

मला कळलं. माझ्या झोतांबद्दल पूर्वी माझ्याकडूनच ऐकलं होतं, त्यावरून सरांनी सायकलचा धडा शिकवताना ती शंका भाषणाच्या आधीच वर्गात मांडली होती, आणि मी हसल्यावर ती त्यांनी वर्गातच मागे घेतली. शास्त्रज्ञाने सांगितलं म्हणजे आपलं चुकलं असणार, एवढा त्यांचा माझ्यावर विश्वास. बरोबर असलेला माणूस चूक कबूल करून मोकळा झाला, आणि चुकलेला माणूस कोट घालून गावोगाव भाषणं देत राहिला. मी उठून तसाच शाळेत गेलो आणि मुख्याध्यापकांकडे दहावीचा एक तास मागितला. तेव्हाची आठवी म्हणजे आताची दहावी.

वर्गात उभा राहिलो. सगळं सांगितलं. भाषण, हशा, जुना अंक, कंगवा. फळ्यावर काढून दाखवलं की सरांचं म्हणणं कसं बरोबर येतं. मग खिडकीजवळची एक मुलगी उठली. म्हणाली, ‘सर, आमच्या आठवीच्या वहीत आहे ते. सरांनी फळ्यावर लिहिलं नि आम्ही उतरवून घेतलं. माझी वही घरी आहे, आणू?’ तिचं घर शाळेच्या मागेच होतं. मधल्या सुट्टीत ती वही घेऊन आली.

गोल, नेटकं अक्षर. ‘मी तुम्हांला सांगितलेली शंका चुकीची होती. आपल्यापेक्षा जास्त जाणणाऱ्याने ती दुरुस्त केली. आपली चूक चारचौघांत सांगावी, त्यात कमीपणा नाही.’ खाली लाल शाईत सरांची सही. पहिली दोन वाक्यं खोटी, माझ्यामुळे. तिसरं खरं, आणि ते मी कधी पाळलं नाही.

‘सर, हे खोडू काय?’ तिने विचारलं. ‘पण खाली सरांची सही आहे.’

‘खोडू नकोस,’ मी म्हणालो, आणि तिचं पेन घेऊन सहीखाली लिहिलं : ‘शंका बरोबर होती. चूक माझी.’ माझी सही केली. तिने वाकून वाचलं, शाईवर फुंकर घातली.

‘हे सरांना कळलं होतं?’

‘नाही.’

तिने वही मिटली, छातीशी धरली. माझ्याकडे न बघता म्हणाली, ‘पण मे महिन्यात तुम्ही सरांच्या पडवीत बसला होतात ना? सुट्टीत मी मावशीकडे होते, तिथे समोरच्या विहिरीवर. बघितलं तुम्हाला.’

‘हो,’ मी म्हणालो. ‘तासभर बसलो होतो.’