पाच गाठींचं बाळंतं

माझ्या काकूला सगळी मंडळी पाठीमागे ‘खळकाकू’ म्हणायची. तिला ते ठाऊक होतं आणि तिची हरकत नव्हती. हॉस्पिटलच्या लाँड्रीत सव्वीस वर्षं कपड्यांना खळ घालून घालून ती स्वतःही कडक झाली, असं लोकांचं म्हणणं. मुळातच कडक होती म्हणून तिथे टिकली, असं काकांचं. काका तिला घाबरायचे आणि तसं मोकळेपणाने कबूलही करायचे.

लाँड्री हॉस्पिटलच्या मागच्या अंगाला, अर्ध्या तळघरात. लहानपणी शाळा सुटल्यावर आई कामावरून येईपर्यंत मी तिथे चादरींच्या गठ्ठ्यावर बसून गणितं सोडवायचे. त्यामुळे त्या कामातल्या दोन गोष्टी मला पक्क्या माहीत आहेत. रक्ताचा डाग आधी गार पाण्यात घालायचा. गरम पाणी लावलंत की तो कायमचा बसला. दुसरी गोष्ट दोऱ्याची. पेशंटचं घरचं कापड हॉस्पिटलच्या ढिगात हरवू नये म्हणून त्याच्या कोपऱ्यात रंगीत दोरा घालतात. रंग वॉर्डाचा आणि दोऱ्यावरच्या गाठी म्हणजे खाटेचा नंबर. कापड मालकाच्या हातात पडेपर्यंत तो दोरा कापायचा नाही. काकूच्या लेखी हा नियम बायबलातल्या दहा आज्ञांच्या लगेच खालचा होता.

गेल्याच्या आदल्या वर्षी ऑगस्टात मी त्याच हॉस्पिटलात, बाळंतिणींच्या वॉर्डात, पाच नंबरच्या खाटेवर होते. मुलगी झाली. ती रडली नाही. तिला गुंडाळायला मी आईच्या जुन्या मऊ चादरीतून एक बाळंतं शिवून नेलं होतं. ते पाऊण तास तिच्याभोवती होतं, मग तिला नेलं आणि ते धुवायच्या कपड्यांत गेलं. मी काकूला सांगितलं, “ते जाळून टाक.” काकू “बरं” म्हणाली. काकू एवढ्या लवकर ‘बरं’ म्हणाली यातच मला संशय यायला हवा होता.

नंतर लोक भेटायला आले ते गरम पाणी घेऊनच. देवाची मर्जी, दुसरं होईल, तरुण आहेस अजून. काकू आली, बाजूला बसली आणि म्हणाली, “वाईट झालं. फार वाईट झालं.” मग तिने माझी भांडी घासली आणि गेली. तेवढं एक गार पाणी मला मिळालं.

गेलं वर्ष उजाडलं ते आधीच उल्हास, त्यात फाल्गुनमास. कारखाना बंद पडला, निम्मी कुटुंबं गाव सोडून गेली. उन्हाळ्यात तापाची साथ आली आणि आमच्या चर्चच्या छोट्याशा मंडळीतली अकरा माणसं घेऊन गेली. जूनमध्ये काका गेले. काकूने दोन दिवस रजा घेतली आणि तिसऱ्या दिवशी कामावर हजर झाली, कारण साथीत चादरी दुप्पट येत होत्या.

आता गव्हाणीचं सांगते. आमच्या चर्चमध्ये नाताळला गव्हाण मांडतात, पण तिच्यात बाळ येशूची बाहुली ठेवत नाहीत. मंडळीत त्या वर्षी सर्वांत शेवटी जन्मलेल्या बाळाचं बाळंतं घडी घालून ठेवतात. ही रीत कुणी आणि का सुरू केली, कुणालाच आठवत नाही. ते बाळंतं धुऊन इस्त्री करून ठेवायचं काम काकूचं. गेल्या वर्षी पंचाईत अशी की अख्ख्या मंडळीत एकही बाळ जन्मलं नव्हतं.

डिसेंबरच्या पहिल्या रविवारी उपासनेनंतर पंचकमिटी बसली. सेक्रेटरी म्हणजे आमचे निवृत्त हेडमास्तर. ते उभे राहून म्हणाले, “लोक दमलेत. या वर्षी गव्हाण नको, दिवे नकोत, गाणी नकोत. साधी प्रार्थना करू आणि घरी जाऊ.” माना हलल्या. माझीही मान हलली, आणि मनापासून हलली. मला त्या वर्षी कुणाचाच आनंद बघायचा नव्हता.

काकू उठली. “हेडमास्तर, पहिल्या नाताळला काय ठीक होतं हो? सरकारने शिरगणतीसाठी पिटाळलेलं, बाईचे दिवस भरलेले, टेकायला जागा नाही, आणि वर राजा पोरांच्या जिवावर उठलेला. सगळं सुरळीत झाल्यावर येतो, असं प्रभू म्हणाला असता, तर अजून आलाच नसता.”

मागच्या बाकावरून कुणीतरी पुटपुटलं, “नवरा जाऊन सहा महिने झाले नाहीत, आणि हिला नाताळ सुचतोय.”

मशिनींच्या आवाजाने काकूचे कान मंद झाले होते, पण कुजबूज तिला बरोबर ऐकू यायची. “पाच महिने आणि बावीस दिवस झाले,” ती वळून म्हणाली. “मी रोज मोजते. रोज रडतेही, मशीन चालू असताना, म्हणजे कुणाला त्रास नको. पण मरणाने माझा नवरा नेला, तेवढं पुरे. नाताळ मी त्याला देणार नाही.”

हेडमास्तर जरा नरमून म्हणाले, “पण बाळंतं कुणाचं ठेवणार, काकू? बाळच नाही.”

“ते माझ्याकडे लागलं. मेंढपाळांना देवदूताने खूण कसली सांगितली होती? बाळंत्यात गुंडाळलेलं लेकरू. म्हणजे कापडाची खूण. ते कापड कुणीतरी धुतलंच असणार ना, की तेही आकाशातून इस्त्री होऊन आलं?” दोन-चार जण हसले. कित्येक महिन्यांत त्या खोलीत कुणी हसलं नव्हतं. गव्हाण मांडायचं ठरलं आणि मी चिडून घरी गेले.

चिडायला मला कारण होतं. मला सहावा महिना चालू होता. सगळ्यांना दिसत होतं, पण बोलायची छाती कुणाची नव्हती, कारण मी नवऱ्यापासून सासूपर्यंत सर्वांना ताकीद दिली होती: घरात एक टोपडं यायला नको, पाळण्याचा विषय नको. मागच्या वेळी सगळी तयारी झाली होती. मी शाळेत गणित शिकवते. उत्तर पडताळून बघितल्याशिवाय मी त्याखाली रेघ मारत नाही.

नाताळच्या सकाळी काकू कडक इस्त्रीचे कपडे घालून माझ्या दारात उभी राहिली आणि मी तयार होईपर्यंत हलली नाही. चर्चमध्ये दिवे होते. गव्हाण दरवर्षीचीच, लाँड्रीच्या साबणाच्या लाकडी खोक्याची. पहिलं गीत सुरू झालं की एकेक कुटुंब पुढे जाऊन गव्हाणीपाशी क्षणभर थांबतं. आमची पाळी आली. गवतावर एक पांढरं बाळंतं घडी करून ठेवलं होतं, आणि घडीच्या कोपऱ्यातून पिवळा दोरा डोकावत होता. पिवळा म्हणजे बाळंतिणींचा वॉर्ड. मी गाठी मोजल्या. पाच होत्या.

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. सगळ्यांच्या देखत मी ते बाळंतं गव्हाणीतून उचललं आणि बाजूच्या दाराने मागच्या अंगणात आले. आत गाणं अडखळलं. काकू माझ्या मागोमाग बाहेर आली.

“मी जाळायला सांगितलं होतं.”

“सांगितलं होतंस. सव्वीस वर्षांत मी धड कापड जाळलेलं नाही.” मग जरा खाली बघून म्हणाली, “दोरा काढायला हवा होता, म्हणजे तुला कळलंच नसतं. तीनदा कात्री लावली. पण मालकाला न देताच दोरा कापायचा, हे काही हातून होईना.”

“काकू, यात माझी मुलगी मेलेली होती.”

“होती. म्हणूनच ठेवलं. ज्यांचं सगळं छान चाललंय त्यांचीच कापडं गव्हाणीत ठेवायची म्हटलं तर या वर्षी गव्हाण रिकामी राहिली असती. प्रभू मरणात शिरायलाच जन्मला, पोरी. तुझ्या मुलीपर्यंत मी पोचू शकले नाही, डॉक्टर पोचले नाहीत. तो पोचला. एवढ्या एका गोष्टीवर मी सकाळी उठते.”

मी बाळंतं उलगडलं. डाग शोधला. डाग नव्हता. कुणीतरी ते आधी गार पाण्यात घातलं होतं, मग साबणाने धुतलं होतं आणि उन्हात वाळवलं होतं. सोळा महिने ते घडी करून जपलं होतं. तेव्हा मला रडू फुटलं, आणि कुणालाच न विचारलेला प्रश्न तोंडून बाहेर पडला. “आणि याचंही तसंच झालं तर?”

काही होणार नाही, असं काकू म्हणाली नाही. तसं म्हणाली असती तर मी तिचं तोंड पुन्हा बघितलं नसतं. ती म्हणाली, “झालं तर पुन्हा रडू, दोघी मिळून. पण आज ते जिवंत आहे ना? मग आजपासूनच त्याच्या मयताला का बसलीयस? त्याचा एवढा तरी नाताळ त्याला दे.”

तिने गळ्यातल्या नाडीला बांधलेली छोटी कात्री काढून माझ्यापुढे धरली. “घे. कापड मालकाच्या हातात पडलं. काप आता दोरा.”

मी कात्री घेतली, दोऱ्यापर्यंत नेली आणि परत दिली. “मी नाही मालक,” मी म्हटलं. “मालक मार्चअखेर येणार आहे.”

काकूने नाक पुसलं आणि माझा दंड धरला. आम्ही आत गेलो. मी सगळ्यांच्या देखत बाळंतं पुन्हा गवतावर ठेवलं, दोरा वर दिसेल असं. हेडमास्तरांनी विचारलं, “गाणं पुढे चालू करायचं का?” काकू म्हणाली, “पहिल्यापासून करा. मघाशी सगळे बेसूर होतात.” आम्ही पहिल्यापासून गायलो. मीही गायले, आणि नीट आवाज काढून गायले.

आज फेब्रुवारीची वीस तारीख. आईची उरलेली चादर फाडून मी आणखी अकरा बाळंती शिवली आहेत आणि नवऱ्याने पाळणा रंगवून उन्हात ठेवला आहे. सगळं नीट होईल असं मला कुणी लिहून दिलेलं नाही. उत्तर पडताळून बघायची सोयही नाही. तरी मी त्याखाली रेघ मारली आहे. कपाटात बाळंत्यांची थप्पी आहे, सर्वांत वर पाच गाठींचं ते एक. काकू रोज कामावरून घरी जाताना डोकावते, दोरा जागेवर आहे का बघते, आणि कात्री गळ्यात तशीच ठेवून घरी जाते.