पूजेतलं गेज

सांडू दांडगेला आमच्या वाळूजच्या कारखान्यात सगळे ‘नापास दांडगे’ म्हणायचे. तयार झालेला माल तपासायचा आणि पास की नापास ते ठरवायचं, हे त्याचं काम. असा माणूस कुठल्याच कारखान्यात कुणाला आवडत नाही, पण सांडूची तऱ्हाच वेगळी होती. त्यानं आपल्या सख्ख्या साडूनं मशीनवर काढलेले तीनशे नग परत फिरवले होते. वर दिवाळीला त्याच साडूकडे जेवायला बसून विचारलं होतं, “आता तरी नीट काढतो का?” मेहुणी वर्षभर त्याच्याशी बोलली नाही आणि हे त्याच्या बऱ्याच उशिरा लक्षात आलं.

मी काकासाहेब, त्याच कारखान्यात स्टोअर सांभाळायचो. वयानं त्याच्याहून बारा वर्षं मोठा आणि तोंडानं फटकळ. माझ्या स्टोअरच्या कोपऱ्यातच त्याचं टेबल होतं. आम्ही लष्कराच्या मालवाहू विमानासाठी अंगठ्याएवढ्या कड्या बनवायचो. विमानातली इंधनाची नळी अशा कड्यांत घट्ट धरलेली असते. कडीचं छिद्र तपासायला पोलादाची एक छोटी दांडी असते, तिला गेज म्हणतात. तिचं एक टोक छिद्रात सहज गेलं पाहिजे आणि दुसरं अडलं पाहिजे. हे गेज उचलण्याआधी सांडू साबणानं हात धुवायचा, कोरडे करायचा आणि मगच खुर्चीत बसायचा.

“एवढं आवडाबाईला जपलं असतंस तर तिनं रोज पुरणपोळी घातली असती,” मी त्याच्या बायकोच्या नावानं चिडवायचो.

“काकासाहेब, ह्याच्या भरवशावर माणसं वर जातेत,” तो मान न उचलता म्हणायचा.

त्या वर्षीच्या खंडेनवमीला नेहमीप्रमाणे मशिनी धुतल्या, हार घातले. पूजेचा मान वयामुळे माझा. लाल कापडावर पाने, हातोडे, मायक्रोमीटर मांडले आणि मधोमध सांडूचं गेज ठेवलं. हळदकुंकू वाहिलं, नारळ फोडला. एकदा पूजेत ठेवलेलं हत्यार दसऱ्याचं पूजन होईपर्यंत हलवायचं नाही, ही आमच्याकडची रीत. माझ्या वडिलांनी एका खंडेनवमीला विळा पूजेत आहे म्हणून म्हशीला चारा हातानं उपटून घातला होता.

पेढे वाटत होतो, तेवढ्यात मॅनेजर राजेंद्र घाईघाईनं आला. माल न्यायला गाडी आली होती. पुढं दसरा आणि रविवार. चाळीस कड्या तेवढ्या तपासायच्या राहिल्या होत्या. सांडू उठला, हात धुऊन आला आणि पूजेपुढं उभा राहिला. त्याचा हात गेजाकडे गेला.

“हात लावू नको,” मी म्हणालो. “पूजा मोडती. त्याच मशीनचा माल हाय, आठवडाभर एक तरी नापास झाला का?”

“नाय झाला.”

“मग? कर सही.”

त्यानं हात मागं घेतला. मग टेबलाशी गेला, चाळीस ओळींपुढं ‘ठीक’ असं लिहिलं आणि खाली सही केली. मी त्याच्या हातावर पेढा ठेवला. सणाच्या दिवशी गाडी वेळेवर गेली म्हणून राजेंद्रसाहेब खूश झाले, आणि खरं सांगतो, मीही झालो.

फेब्रुवारीत बातमी आली. एकवीस माणसं घेऊन एका बेटाकडे निघालेलं लष्कराचं मालवाहू विमान बंगालच्या उपसागरात कोसळलं होतं. आम्ही कॅन्टीनमध्ये टीव्ही बघत होतो. आमच्या कड्या जायच्या त्याच जातीचं विमान. सांडूनं डबा तसाच झाकला. तिसऱ्या दिवशी मच्छीमारांना सीटची गादी आणि एक बूट सापडला. पुढं जहाजं शोध घेत राहिली. सांडू रोज पेपर आणायचा आणि त्यातली गेलेल्यांची नावं पुन्हा पुन्हा वाचायचा. त्याला एकवीसच्या एकवीस पाठ झाली. मी त्याला म्हणायचो, “हजार कारणं असतेत, तूच कशाला अंगावर घेतो?” हे म्हणताना मी त्याच्याकडे बघायचो नाही, कारण पूजा माझी होती आणि शब्दही माझा होता.

एप्रिलमध्ये चौकशीचे लोक वाळूजला आले. आमच्यासारख्या कितीतरी कारखान्यांत ते जात होते. आदल्या दिवशी राजेंद्रनं बजावलं, “कागद पूर्ण आहेत. विचारतील तेवढंच बोला.” रजिस्टर घेऊन मला आणि सांडूला आत बसवलं होतं. अधिकाऱ्यानं तारीख पाहिली, सही पाहिली आणि पान उलटलंही होतं. तेव्हा सांडू म्हणाला, “साहेब, मागं घ्या पान. ह्या चाळीस मी मोजलेल्या नाहीत.”

अधिकारी ओरडला नाही. त्यानं पेन खाली ठेवलं आणि शांतपणे विचारलं, “क्यों?”

“गेज पूजेत होतं.”

“किसी ने रोका था?”

सांडूनं माझ्याकडे पाहिलं. रागानं नाही, नुसतं पाहिलं. मला निवृत्तीला चौदा महिने राहिले होते. आता बोलतो, आता बोलतो असं मनात म्हणत मी रजिस्टरच्या पुठ्ठ्यावर बोट फिरवत बसलो.

“नाय साहेब,” सांडू म्हणाला. “माझा मीच.”

त्याची नोकरी त्याच आठवड्यात गेली. आवडाबाईला घेऊन तो सोयगावला आपल्या गावी परतला. तिथं एका जिनिंगवाल्यानं त्याला वजनकाट्यावर बसायला सांगितलं. त्यानं नाही म्हटलं आणि कापसाच्या गाठी उचलायचं काम घेतलं. मोजायचं काम नको म्हणाला. हे मला आवडाबाईनं फोनवर सांगितलं. मी निवृत्त झालो, सत्कार झाला, शाल मिळाली. भाषणात राजेंद्रनं मला कारखान्याचा प्रामाणिक आधार म्हटलं आणि मी ते ऐकून घेतलं.

त्यानंतर चार महिन्यांनी राजेंद्रचा फोन आला. समुद्राच्या तळातून इंधनाची नळी वर काढली होती. कड्यांवरच्या नंबरांवरून कळलं, त्या चाळीसपैकी सहा कड्या तिच्यावर होत्या आणि सहाही घट्ट होत्या. दोष इंजिनात होता. अहवाल गोपनीय असल्यानं कागद मिळणार नव्हता, एका अधिकाऱ्यानं तोंडी कळवलं होतं. मी दुसऱ्या दिवशी सकाळची एसटी धरली. सिल्लोडला गाडी बदलताना पेढे घेतले. आपल्या हातून एक तरी चांगलं होतंय, असं वाटत होतं.

सांडू अंगणात बसला होता. खांदे रुंद झाले होते, तोंड बारीक झालं होतं. मी उभ्यानंच सगळं सांगितलं, सहा कड्या, इंजिन, सगळं. आवडाबाई पदर तोंडाला लावून रडायला लागली. सांडूनं पूर्ण ऐकून घेतलं.

“कागद हाय?”

“कागद देत नसतेत रे. राजेंद्रसाहेबानं सांगितलं. मी कशाला खोटं बोलू?”

“खोटं बोलता असं नाय म्हणत.” त्यानं माझ्याकडे पाहिलं, चौकशीच्या खोलीत पाहिलं होतं तसंच. “पण त्या दिवशी तुमाला खरं ठावं होतं आणि तुमी गप बसला. आज मला बरं वाटावं म्हणून बोलत असाल, तर मला कसं कळावं?”

मी शपथ घ्यायला तोंड उघडलं, पण कशाची घ्यावी ते सुचेना. आवडाबाई रडायची थांबली आणि ती पण माझ्याकडे बघायला लागली.