सुहासने न केलेला सीन

माझा नवरा सिनेमांना संगीत द्यायचा आणि आमच्या घरात ते कुणालाच ऐकू यायचं नाही.

म्युनिकमधला फ्लॅट. पातळ भिंती. खालच्या मजल्यावरच्या बाई आवाजाच्या बाबतीत कडक. म्हणून सुहास कायम हेडफोन लावून बसायचा. मला फक्त कीबोर्डच्या पट्ट्यांची टकटक.

त्याला जाऊन आज वर्ष झालं.

पुण्यात प्रायोगिक नाटकांपासून सुरुवात. मग जाहिराती, मग थोडे मराठी सिनेमे. गाणी नाहीत, फक्त बॅकग्राउंड.

मला इथे जॉब लागला तेव्हा म्हणाला, "चल. मला काय, लॅपटॉप कुठेही उघडता येतो."

उघडलाही. पण स्टुडिओतली माणसं, चहा, भांडणं, सगळं तिकडेच राहिलं. मी सकाळी एस-बान, म्हणजे इथली लोकल, पकडायचे. तो दिवसभर एकटा.

त्याची पद्धत वेगळीच. सीन आला की आधी दिग्दर्शकाला फोन.
"त्या खोलीत पंखा आहे का? खिडकी उघडी आहे? शेजारी कोण राहतं?"
मग त्या पंख्याच्या घरघरीतूनच एक लांब सूर असा वर आणायचा, की संगीत कधी सुरू झालं ते कळूच नये.

लोक वैतागायचे. "सर, इथे प्रेक्षक रडला पाहिजे."
"रडेल की. मी कशाला ढकलू त्याला?"

हळूहळू कामं कमी झाली. त्याने कधी बोलून दाखवलं नाही. "आज काय केलंस?" विचारलं की म्हणायचा, "गेनाऊ काही नाही." जर्मन 'गेनाऊ', म्हणजे 'अगदी'. आणि हसायचा.

तो गेला तेव्हा शेवटच्या सिनेमाचा एकच सीन राहिला होता. मुलीला विमानतळावर सोडून आई घरी येते. कुलूप उघडते. पाणी पिते. बस.

मृण्मयीचा, म्हणजे त्या सिनेमाच्या दिग्दर्शिकेचा, फोन आला. "ताई, प्रोड्यूसर म्हणतायत तेवढं म्युझिक दुसऱ्या कुणाकडून करून घेऊ. तुम्ही हो म्हणालात तरच."

मी आयटीवाली. मला सुरातलं काही कळत नाही. पण ती क्लिप परत परत बघत राहिले. मग तिला विचारलं,
"त्या घरात फ्रिज आहे का गं?"

"आहे."

"मग तेवढाच ऐकू येऊ दे. बाकी काही घालू नका."

"प्रोड्यूसरना पटणार नाही, ताई."

"तू पटव. मी नाही म्हणतेय, असं सांग."

तिने पटवलं.

गेल्या महिन्यात इथल्या मराठी मंडळींनी हॉल घेऊन तो सिनेमा दाखवला. मी आणि आमची लेक इरा मागच्या रांगेत. तो सीन आला आणि हॉलमध्ये कुणी हललं नाही. पुढे बसलेल्या एक आजी पदराने डोळे पुसत होत्या.

"इस्ट दास फॉन पापा?" इराने हळूच विचारलं. हे पप्पांचं का? ती सगळं मराठी समजते, उत्तरं मात्र जर्मनमध्ये.

मी "हो" म्हणाले. खोटं नव्हतं ते.

सुहास, सिनेमा छान झालाय. लोक मला थांबवून थांबवून तुझ्याबद्दल विचारत होते. मला नीट बोलता आलं नाही, म्हणून आज इथे लिहिलं.

तुझ्याशिवाय अजून जमत नाहीये.

सांभाळून राहा, असशील तिथे.