न चालवलेला लॅप

भूतखेत, ग्रहदशा आणि शाल-श्रीफळाचे सत्कार — तिन्हींपासून मी आजवर सारखंच अंतर ठेवलं. त्यामुळे हे लिहायला लाज वाटते... पण लाजेचं खरं कारण वेगळं आहे.

आम्ही नागपुरात हुडकेश्वरला राहतो. माझा मोठा भाऊ, दादा, कन्हानकडे खाणीतल्या कोळशाचा टिप्पर चालवायचा. मागच्या वर्षी त्याला पॅरालिसिसचा झटका आला, उजवा हात-पाय जड झाला. व्यायाम म्हणून मी आमचा कॉलेजातला रेसिंग गेम जुन्या कॉम्प्युटरवर लावून दिला, स्टीयरिंग-पेडलसकट. महिनाभर लॅप, म्हणजे ट्रॅकची एक फेरी, दोन मिनिटांखाली येईना. दादा खेळणंच सोडायला निघाला.

मग मी सेव्ह फाइल एडिटर, म्हणजे गेमने साठवलेले आकडे बदलायचं सॉफ्टवेअर, डाउनलोड केलं. या गेममध्ये खेळताना घड्याळ दिसत नाही; लॅपचा टाइम नंतर रेकॉर्डच्या तक्त्यात येतो. दादा चहाला उठला की मी त्याच्या बेस्ट टाइममधून दोन-तीन सेकंद उडवायचो. दादा खुलत गेला. तक्त्यात एक मिनिट एक्केचाळीस आलं, त्या दुपारी म्हणाला, "सोमवारी मालकाले भेटतो. टिप्पर मागतो."

माझं जेवण तिथेच थांबलं.

"दादा, ते टाइम खोटे आहे. मी बदलून राहिलो होतो."

"काहून बे? मी गाडीवर बसलेला पाहवत नाही काय तुले?"

पुरावा होता. बेस्ट लॅपचा रिप्ले गेम वेगळ्या फाइलमध्ये ठेवतो, आणि तिला मी हात लावला नव्हता. त्यात दादाचा खरा, भिंतींना घासत गेलेला लॅप असणार. मी रिप्ले लावला.

गाडी कुठेही घासली नाही. प्रत्येक वळणाआधी ब्रेकवर दोन हलके दाब... भरलेला टिप्पर वळवतानाची दादाची जुनी सवय. रिप्लेच्या कोपऱ्यातलं घड्याळ मी टाइप केलेल्या आकड्यावर थांबलं, शतांश सेकंदासकट.

दादा हसला. "अन् हा कोण चालवून राहिला मग? तू?"

एक जाणकार मित्र म्हणतो, फाइल करप्ट झाली असेल. करप्ट फाइल इतकी सफाईदार गाडी चालवते, हे मला ठाऊक नव्हतं.

मालकाने दादाला टिप्पर दिला. ड्युटी सुटली की दादा फोन करतो, तोवर मी जेवत नाही. आकडा मी टाकला होता, हे नक्की. लॅप कोणी मारला, माहीत नाही... आणि सकाळी टिप्परवर चढतो तो माझ्यासमोर धडपडणारा दादा, की त्या रिप्लेमधला, हे त्याला विचारायची हिंमत होत नाही.